वर्ण सोडला, मग वर्णाचा रकाना कशाला?



आपल्या घरात मुलीचे लग्न जमवायचे ठरले म्हणजे प्रथम एक कागद तयार होतो. पूर्वी त्याला टिपण म्हणत, आता बायोडाटा म्हणतात. दीक्षा घेतलेल्या कुटुंबाने या कागदात बरेच फेरफार केलेले असतात आणि ते योग्यच आहेत. माथ्यावरचे 'श्री गणेशाय नमः' गेले, तेथे 'नमो बुद्धाय' आले. रास, नक्षत्र, गण, नाडी, देवक हे रकाने गेले. धर्माच्या पुढे अभिमानाने 'बौद्ध' असे लिहिले गेले. एवढे सगळे झाल्यावरही एक रकाना मात्र जागच्या जागी राहतो. त्या रकान्याचे नाव आहे 'वर्ण'.

त्याच्यापुढे गोरा, निमगोरा, गव्हाळ, सावळा यांपैकी एक शब्द लिहावयाचा असतो. 'काळा' असे कोणीच लिहीत नाही. मुलगी काळी असेल तर आपण 'सावळी' लिहितो, सावळी असेल तर 'गव्हाळ' लिहितो आणि गव्हाळ असेल तर 'निमगोरी' लिहून मोकळे होतो. खोटे बोलण्यापासून अलिप्त राहण्याचे शील विहारात ग्रहण करणारी आपण माणसे, मुलीच्या रंगाबाबत मात्र एकेक पायरी खोटे बोलतो.

हे खोटे कोणी लोभाने बोलत नाही. भीतीने बोलतो. पोरीला स्थळ येणार नाही, आलेले परत जाईल, ही ती भीती आहे. ती भीती खरी आहे, म्हणून तिची थट्टा करण्याचे कारण नाही. परंतु तिच्यापुढे एक प्रश्न ठेवलाच पाहिजे. ज्यांनी चातुर्वर्ण्य नाकारून धम्माचा मार्ग धरला, त्यांना आपल्याच लेकीच्या कातडीचा वर्ण तोलण्याचा अधिकार कोणी दिला?

तोलणे कसे चालते

मुलगी पाहण्याचा कार्यक्रम तुमच्या परिचयाचा आहे. पाहुणे येतात, कांदेपोहे होतात, मुलगी चहाचा ट्रे घेऊन बाहेर येते. कोणी तिला चालून दाखवायला सांगते. कोणी बारीकसारीक प्रश्न विचारण्याच्या निमित्ताने तिचे दात पाहते, उंची पाहते, केसांची लांबी पाहते. खिडकीजवळ बस म्हणतात, कारण उजेडात रंग नीट दिसतो. तिने पदवी मिळवली असेल, नर्सिंगचा कोर्स केला असेल, आजारी वडिलांचे घर चालवले असेल, ते सगळे एका बाजूला राहते. मग चार दिवसांनी निरोप येतो, "मुलगी गुणी आहे, शिकलेली आहे, पण..." या 'पण'च्या पुढे बहुधा रंग असतो. रंग नसेल तर तिचे जाडपण असते, नाही तर रोडपण, नाही तर चपटे नाक.

होकार आला तरी त्याची भाषा पाहा. "सावळी असली तरी चालेल आम्हाला." या 'चालेल' शब्दात उपकार आहे. माणसाला उपकार म्हणून स्वीकारणे म्हणजे काय, हे आपल्या समाजाला कोणी नव्याने सांगण्याची गरज नाही. आणि हा उपकार फुकट नसतो. १९६१ च्या कायद्याने हुंडा गुन्हा ठरला, पण काळ्या रंगाची भरपाई म्हणून दोन तोळे जास्त मागणारे आजही आहेत. हा व्यवहार इतका अंगवळणी पडला आहे की तो पाठ्यपुस्तकातही शिरला. महाराष्ट्रातील बारावीच्या समाजशास्त्राच्या पुस्तकात हुंड्याची कारणे देताना मुलीची कुरूपता हे एक कारण म्हणून छापलेले होते. २०१७ साली त्यावर गदारोळ झाला, तेव्हा कोठे तो मजकूर काढण्याचे शासनाने मान्य केले. दोष मागणाऱ्याच्या लोभात असता त्याचे कारण मुलीच्या चेहऱ्यात शोधायचे, अशी ही उलटी समाजशास्त्राची शिकवण होती.

शिक्षण आणि अधिकार आले की हे आपोआप नाहीसे होते, असे काही जण समजतात. तसे होत नाही. केरळ राज्याच्या तेव्हाच्या मुख्य सचिव शारदा मुरलीधरन यांनी मार्च २०२५ मध्ये जाहीरपणे लिहिले की, त्यांच्या कारभाराची तुलना त्यांच्या आधी त्याच पदावर असलेल्या पतीशी करताना काळ्या-गोऱ्या रंगाची भाषा वापरली गेली. त्यांनी लहानपणची एक आठवणही सांगितली. चार वर्षांच्या असताना त्यांनी आईला विचारले होते की, मला परत पोटात घालून गोरी करून बाहेर काढता येईल का? राज्याच्या सर्वोच्च प्रशासकीय पदावर पोचलेल्या स्त्रीलाही जो प्रश्न आयुष्यभर विसरता आला नाही, तो प्रश्न आपल्या वस्तीतली किती पोरे मुक्याने मनात विचारीत असतील याचा विचार करा.

तथागतांनी काय सांगितले

रंगाचा गर्व आणि वर्णाचा गर्व यांचा संबंध फार जुना आहे आणि तथागतांनी तो ओळखला होता. दीघनिकायातील अग्गञ्ञ सुत्त याची साक्ष देते. श्रावस्तीच्या पूर्वारामात वासेट्ठ आणि भारद्वाज हे ब्राह्मण कुळातले दोन तरुण संघात आले होते. भगवंतांनी त्यांना विचारले, तुम्ही घर सोडून इकडे आलात, तर ब्राह्मण तुम्हाला दूषणे देत नाहीत काय? त्यांनी सांगितले, देतात. ब्राह्मण म्हणतात की आम्हीच श्रेष्ठ वर्ण, इतर हीन. आम्हीच शुक्ल, इतर कृष्ण. आम्ही ब्रह्म्याच्या मुखातून जन्मलो.

या दाव्याला भगवंतांनी जे उत्तर दिले ते प्रत्येक बौद्ध स्त्रीने लक्षात ठेवावे असे आहे. त्यांनी सांगितले की, ब्राह्मणांच्या स्त्रियाही ऋतुमती होतात, गर्भवती होतात, बाळंत होतात, मुलांना अंगावर पाजतात. आणि अशा स्त्रीच्या उदरातून जन्मलेले हे लोक आपण मुखातून जन्मलो म्हणतात! ज्या स्त्रीदेहाला इतरांनी विटाळ म्हणून हिणवले, तोच देह भगवंतांनी मानवी समतेचा पुरावा म्हणून पुढे केला.

याच सुत्तात पुढे जगाच्या आरंभाची एक कथा आहे. त्या काळचे जीव पृथ्वीचा गोड रस खाऊन जगत होते. खाता खाता त्यांची शरीरे जड झाली आणि त्यांच्या रूपात फरक पडला. काही सुरूप झाले, काही कुरूप झाले. सुरूप जीव कुरूपांना तुच्छ लेखू लागले, आणि त्यांच्या या रूपाच्या गर्वामुळे तो गोड रसच नाहीसा झाला. कथा म्हणूनच ती घ्यावी. परंतु तिच्यातील निवाडा स्पष्ट आहे. रूपात फरक पडला म्हणून काही बिघडले नव्हते. एकाने दुसऱ्याला त्या फरकावरून हीन मानले तेव्हा सगळ्यांचे अन्न गेले. आपल्या घरातही दोन बहिणींपैकी एक उजळ आणि एक काळी निघाली तर त्यात काही बिघडत नाही. आजी एकीला जवळ घेऊन दुसरीला "ही कोणावर गेली कोण जाणे" म्हणते, त्या दिवशी घरातला गोडवा जातो.

सुत्तनिपातातील वासेट्ठ सुत्तात भगवंतांनी हाच विचार तर्काने मांडला. गवत, झाडे, किडे, साप, मासे, पक्षी यांच्यात जातीजातीची वेगळी चिन्हे निसर्गानेच घातलेली आहेत. माणसात तशी चिन्हे नाहीत. केसात नाहीत, कानात नाहीत, डोळ्यात नाहीत, नाकात नाहीत, ओठात नाहीत आणि वर्णातही नाहीत. ही यादी पुन्हा वाचा. आपण मुलगी पाहायला जातो तेव्हा अगदी याच अवयवांची तपासणी करून तिची किंमत ठरवतो.

बाबासाहेबांचा पुरावा

परमपूज्य बाबासाहेबांनी हीच गोष्ट आधुनिक विद्येच्या आधारे सिद्ध केली. १९३६ च्या 'जातिप्रथेचे विध्वंसन' या प्रबंधात त्यांनी दाखवले की पंजाबचा ब्राह्मण आणि पंजाबचा चांभार एकाच वंशाचे आहेत. मद्रासचा ब्राह्मण आणि मद्रासचा परिया एकाच वंशाचे आहेत. 'शूद्र पूर्वी कोण होते?' या १९४६ च्या ग्रंथात त्यांनी ऋग्वेदाचेच आधार देऊन सांगितले की, आर्य म्हणविणाऱ्यांत काळेही होते आणि गोरेही होते. वरच्या जातीचे गोरे आणि खालच्या जातीचे काळे ही समजूत त्यांनी पुराव्यानिशी खोडून काढली.

तरीही ती समजूत आपल्या तोंडात राहिलीच. वस्तीत एखादी गोरी मुलगी असली की लोक कौतुकाने म्हणतात, "बामणाची वाटते." कॉलेजात किंवा कचेरीत तिची मैत्रीण म्हणते, "तू त्यांच्यातली वाटत नाहीस हं." बोलणारीला वाटते आपण स्तुती केली. ऐकणारीलाही क्षणभर बरे वाटते. पण या स्तुतीचा अर्थ काय? तुझे लोक कुरूप असतात आणि तू त्यांच्यातून सुटलीस, एवढाच तिचा अर्थ होतो. जी स्तुती आपल्या आईबापांचा अपमान केल्याशिवाय उभी राहत नाही ती स्वीकारू नये. आणि 'बामणाची वाटते' हे शब्द आपणच आपल्या लेकीला बोलू नयेत, कारण ते बोलताना आपण मनातल्या मनात पुन्हा खालच्या पायरीवर जाऊन उभे राहतो.

त्वचेच्या रंगाचे कारणही साधे आहे. कातडीत रंग तयार करणाऱ्या पेशी सर्व माणसांत जवळजवळ सारख्याच संख्येने असतात. त्या मेलॅनिन नावाचे द्रव्य किती आणि कसे तयार करतात एवढाच फरक. हे द्रव्य उन्हातील घातक किरणांपासून शरीराचे रक्षण करते. ज्या देशात ऊन प्रखर त्या देशात काळी कातडी हे निसर्गाने दिलेले चिलखत आहे. त्यात पाप नाही, शिक्षा नाही.

येथे एक गोष्ट विशेष करून सांगितली पाहिजे. काही घरांत अजून असे बोलतात की, काळी जन्मली, व्यंग घेऊन जन्मली, मागच्या जन्मी काही केले असेल. जुन्या पुस्तकांतील कथांमध्येही अशी वाक्ये आढळतात. बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात गतजन्मीच्या कर्माने या जन्मीची स्थिती ठरते हा सिद्धान्त बुद्धाचा नव्हे असे ठामपणे सांगितले. त्यांचे कारण समजून घ्या. याच सिद्धान्ताने अस्पृश्याला सांगितले होते की तुझी अवस्था तुझ्याच पापाचे फळ आहे. तोच सिद्धान्त आज मुलीच्या रंगाला लावला तर अन्यायाचे हत्यार फक्त हात बदलते.

मग नटणे वाईट का?

कोणी म्हणेल, धम्म तर देहाला अनित्य म्हणतो, बत्तीस अशुद्ध भागांचे चिंतन सांगतो. मग बौद्ध स्त्रीने चांगले लुगडे नेसू नये, केस विंचरू नयेत, आरशात पाहू नये, असे आहे काय? मुळीच नाही. देहाचे ते चिंतन स्वतःची आसक्ती कमी करण्यासाठी आहे, दुसऱ्याच्या देहाची घृणा करण्यासाठी नाही. आणि ते चिंतन गोऱ्या देहालाही लागू आहे, पुरुषाच्या देहालाही लागू आहे. बायकोला "शरीर नाशिवंत आहे" असे ऐकवून स्वतः गोरी सून शोधणाऱ्याने धम्म ऐकला नाही असेच म्हणावे लागेल.

डिसेंबर १९२७ मध्ये महाडच्या सत्याग्रह परिषदेच्या वेळी बाबासाहेबांनी जमलेल्या स्त्रियांना उद्देशून भाषण केले. त्यांनी स्वच्छ राहण्यास सांगितले, वरच्या वर्गातील स्त्रियांप्रमाणे नीट लुगडे नेसण्यास सांगितले, आणि अस्पृश्य म्हणून ओळख पटवणारे गळ्यातले व हातातले कथिलाचे, चांदीचे जड दागिने टाकून देण्यास सांगितले. मुलींना शिकवा असेही सांगितले. स्त्रियांनी ते तात्काळ आचरणात आणले. पुढे २० जुलै १९४२ रोजी नागपूरच्या महिला परिषदेतही त्यांनी स्वच्छता, मुलांचे शिक्षण आणि मनातील न्यूनगंड काढून टाकणे यांवर भर दिला.

या उपदेशाचा अर्थ नीट लावला पाहिजे. जातिव्यवस्थेने आपल्या बायकांच्या अंगावर जी खूण चढवली होती ती त्यांनी उतरवायला सांगितली. अंगाची कातडी उतरवायला सांगितली नाही. स्वच्छता, नेटकेपणा, ताठ मान यांत स्वाभिमान आहे, आणि त्या गोष्टी काळ्या-गोऱ्या, गरीब-श्रीमंत सर्वांच्या आवाक्यात आहेत. आवडती साडी नेसून, केसात गजरा माळून जयंतीच्या मिरवणुकीत निघालेली स्त्री आनंदाने निघालेली असते. तोंडाला पांढरा थर लावून, आपला खरा रंग कोणाला दिसू नये म्हणून धडपडणारी मुलगी भीतीने निघालेली असते. दोघी आरशासमोर उभ्या राहतात, म्हणून दोघींची कृती एकच होत नाही. एकीची मान त्याने वर होते, दुसरीची खाली जाते. आपण आपल्या मुलींना कोणत्या मनाने आरशासमोर उभे करतो, एवढे तपासावे.

आवड ज्याची त्याची?

दुसरा आक्षेप तरुणांचा असतो. ते म्हणतात, समता आम्हाला मान्य आहे, पण बायको कशी असावी ही ज्याची त्याची आवड आहे; आवडीवर सक्ती कशी करणार?

सक्ती कोणी करू नये, हे खरे. पण ही आवड आली कोठून, हे विचारण्यास हरकत नसावी. शंभर तरुणांची आवड खरोखर आपापली असती तर ती शंभर दिशांना गेली असती. कोणाला सावळी आवडली असती, कोणाला बुटकी, कोणाला स्थूल. शंभरांपैकी बहुतेकांची आवड एकाच दिशेने जात असेल तर तिला आवड म्हणण्यापेक्षा शिकवण म्हणणे बरोबर होईल. एके काळी अस्पृश्याच्या हातचे पाणी न पिणारेही म्हणत की आम्हाला ते रुचत नाही. ती रुची कोठून आली होती हे आपल्याला पक्के ठाऊक आहे. बुद्धाने आपल्याला मनाची तपासणी शिकवली ती अशा रुचीसाठीच.

उलट बाजूने, काळा रंगच खरा सुंदर असे म्हणावे काय? चेन्नईहून २००९ साली 'डार्क इज ब्युटिफुल' नावाची मोहीम सुरू झाली आणि तिने अनेक मुलींना धीर दिला, हे मान्य केले पाहिजे. वाकलेल्या काडीला सरळ करण्यासाठी थोडी उलट बाजूला वाकवावी लागते. परंतु धम्माचा रोख त्याहून पुढचा आहे. तराजूतील वजने अदलाबदल करून भागणार नाही, माणसाला घालण्याचा तराजूच काढून ठेवला पाहिजे. एरवी आज काळ्या मुलीवर जो अन्याय होतो तो उद्या दुसऱ्या कोणावर तरी होईल.

बाजाराचा धंदा

या भीतीवर मोठा बाजार उभा आहे. १९१९ साली मुंबईत 'अफगाण स्नो' निघाले, १९७५ साली 'फेअर अँड लव्हली' आले. कित्येक वर्षे जाहिरातींत एकच गोष्ट दाखवली गेली. काळी मुलगी दुःखी, तिला नोकरी नाही, नवरा नाही; ट्यूब संपली की दोन्ही मिळते. जाहिरातींचे स्वनियमन करणाऱ्या परिषदेने २०१४ साली नियम केला की काळ्या वर्णाची व्यक्ती दुःखी, अनाकर्षक किंवा लग्नाच्या नि नोकरीच्या बाजारात मागे पडलेली अशी दाखवू नये. २०२० साली जगभर वर्णद्वेषाविरुद्ध आवाज उठला तेव्हा त्या क्रीमचे नाव बदलून 'ग्लो अँड लव्हली' झाले. त्याच वर्षी 'शादी डॉट कॉम'ने रंगानुसार स्थळे निवडण्याची सोय काढून टाकली. लोकलाजेस्तव का होईना, बाजाराने आपला रकाना खोडला. श्रद्धेने धम्म स्वीकारलेल्या घराने तो अजून का ठेवावा?

पैशाच्या नुकसानीपेक्षा प्रकृतीचे नुकसान मोठे आहे. गोरे करणारी म्हणून विकली जाणारी काही मलमे स्टिरॉईडची असतात. आरंभी चेहरा उजळल्यासारखा वाटतो. मग कातडी पातळ होते, लाल पडते, पुरळ येते, चेहऱ्यावर केस उगवतात, आणि मलम थांबवले की त्रास उसळतो. अशी मलमे डॉक्टरच्या चिठ्ठीशिवाय सर्रास मिळू नयेत म्हणून २०१८ साली केंद्र सरकारने नियम कडक केले, तरीही ती मिळतात. लेबल नसलेल्या किंवा चोरून आलेल्या काही क्रीममध्ये पारा असतो. तो कातडीवाटे शरीरात जातो आणि मूत्रपिंडे बिघडवतो. केरळातील मलप्पुरम जिल्ह्यात २०२३ साली डॉक्टरांना मूत्रपिंडाच्या विकाराचे असे रुग्ण आढळले, ज्यांच्या आजाराचे मूळ अशा क्रीममध्ये होते.

आणि ज्या रंगाची खरोखर काळजी करावी त्याकडे कोणाचे लक्ष नाही. २०१९ ते २०२१ या काळातील राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीप्रमाणे भारतातील १५ ते ४९ वयाच्या ५७ टक्के स्त्रियांच्या अंगात रक्त कमी आहे. महाराष्ट्रात हे प्रमाण ५४ टक्के आहे. निम्म्याहून अधिक मुली-बायका रक्ताने फिक्या आहेत आणि आपण त्यांची कातडी फिकी करण्यावर पैसा घालवतो. क्रीमच्या पैशात गूळ-शेंगदाणे, अंडी, पालेभाजी येते. सरकारी दवाखान्यात लोहाच्या गोळ्या मिळतात.

आईची भीती

या सर्वात आईला दोष देणे सोपे आहे. तीच मुलीला साय-हळद चोळते, उन्हात खेळू देत नाही, काळ्या रंगाचा कपडा घेऊ देत नाही, "जेवण कमी कर, जाड दिसतेस" म्हणते. पण तिने हे सगळे स्वतःच्या अंगावर भोगलेले असते. नकार मोजत ती लग्नापर्यंत पोचली आणि लग्नानंतर टोमणे ऐकत तिने संसार केला. मुलीच्या वाट्याला ते येऊ नये म्हणून ती धडपडते. तिच्या हातात प्रेमच असते, पण ते प्रेम मुलीला रोज एक गोष्ट शिकवते की तू आहेस तशी पुरेशी नाहीस. बाहेरच्या माणसाचा टोमणा मुलगी विसरू शकते. आईच्या डोळ्यातली काळजी ती विसरत नाही.

म्हणून माझे स्पष्ट म्हणणे असे आहे की, पहिले पाऊल मुलीच्या आईने टाकावे अशी अपेक्षा करणे अन्यायाचे आहे. मुलीच्या आईपुढे नकाराचा धोका आहे. मुलाच्या आईबापांपुढे कोणताही धोका नाही. ज्याच्या हाती निवड आहे त्याने आधी तराजू खाली ठेवावा. स्पृश्य-अस्पृश्य भेद मिटवण्याची जबाबदारी आपण नेहमी शिवाशिव पाळणाऱ्यावर टाकली, ज्याला दूर ठेवले त्याच्यावर टाकली नाही. तोच न्याय येथे लावावा.

खरे सुंदर कोण?

धम्मपदाच्या धम्मट्ठ वग्गात भगवंतांनी 'साधुरूप' कोणाला म्हणावे ते सांगितले आहे. मत्सरी, लोभी, कपटी माणूस केवळ गोड बोलण्याने किंवा सुंदर वर्णाने साधुरूप होत नाही; ज्याच्यातील हे दोष मुळासकट गेले तोच साधुरूप. लकुंटक भद्दिय नावाचे एक स्थविर होते. बुटके, दिसायला ओबडधोबड. इतर भिक्खू त्यांची टिंगल करीत. एकदा ते दुरून येत असता भगवंतांनीच भिक्खूंचे लक्ष त्यांच्याकडे वेधले आणि हा मोठ्या योग्यतेचा पुरुष आहे असे सांगितले. संघातील मधुर आवाजाच्या भिक्खूंत त्यांना अग्रस्थान दिले. वैशालीच्या आम्रपालीचे उदाहरण दुसऱ्या टोकाचे आहे. तिच्या रूपासाठी सारी नगरी वेडी होती. तिने आपली आमराई संघाला दान दिली, भिक्खुणी झाली आणि म्हातारपणी आपल्या एकेका अवयवात पडलेला बदल तिने न लाजता गाथांतून सांगितला. रूप होते तेव्हा इतर त्याची किंमत ठरवीत. रूप गेले तेव्हा आपल्या देहाविषयी बोलणारी ती स्वतः होती. या थेर-थेरींच्या गोष्टी घरातल्या मुलींना सांगितल्या पाहिजेत. अजिंठ्याला गेलात तर पहिल्या लेण्यात पद्मपाणीच्या शेजारची सावळी राजस्त्री त्यांना दाखवा. त्या चित्रकारांना सौंदर्यासाठी रंग पांढरा करावा लागला नव्हता.

आपण काय करावे

बंधू-भगिनींनो, बावीस प्रतिज्ञांत सर्व माणसे समान मानण्याची आणि समता स्थापन करण्याची प्रतिज्ञा आहे. तिची सुरुवात घरातून होते. म्हणून पुढील गोष्टी कराव्यात.

बायोडाटातील 'वर्ण' हा रकाना खोडावा. आपल्या वधू-वर सूचक मंडळाच्या छापील अर्जात तो असेल तर मंडळाला तो काढावयास सांगावे. कोणी फोनवर रंग विचारला तर शांतपणे सांगावे की आमच्याकडे तो सांगण्याची पद्धत नाही, शिक्षण आणि स्वभाव विचारा.

मुलाच्या आईबापांनी पाहण्याच्या कार्यक्रमातून चालून दाखवणे आणि उभे करून न्याहाळणे बंद करावे. मुलगा आणि मुलगी यांना समोरासमोर बसून बोलू द्यावे. मुलीनेही प्रश्न विचारावेत. नकार द्यावयाचा तर स्वभाव, विचार, नोकरीचे गाव अशा कारणाने द्यावा. रूपाचे कारण कधीही कळवू नये आणि मनातही धरू नये.

घरात 'काळी', 'जाडी', 'दाताळ' अशा हाका कौतुकानेही मारू नयेत. सुनेच्या पोटी काळी मुलगी आली तर पहिल्या दिवसापासून तिच्या रंगाचा उल्लेखच करू नये. मुलग्यांना ही शिकवण मुलींच्या आधी द्यावी, कारण उद्या पाहायला जाणारे तेच आहेत. पौर्णिमेच्या वंदनेनंतर विहारात पाच मिनिटे या विषयाला द्यावीत, आणि चेहऱ्याला कोणतेही मलम डॉक्टरला विचारल्याशिवाय लावू नये असे वडीलधाऱ्या उपासिकांनी मुलींना बजावावे.

या गोष्टींना पैसा लागत नाही. एका पिढीने त्या नेटाने केल्या तर पुढच्या पिढीतील मुलीला आईजवळ जाऊन मला गोरी कर म्हणण्याची वेळ येणार नाही. ज्या समाजाने शतकांचा विटाळ अंगावरून झटकून टाकला त्याला एक रकाना खोडणे अवघड नाही.

सर्वांचे मंगल होवो.